सहायक भूमिकेचे सामर्थ्य : रीमा लागू

कथा-कादंबरीतील गौण पात्रांशी तुमचा परिचय आहेच. नाटक, चित्रपट आणि दूरचित्रवाणी या माध्यमांत अशा पात्राला ‘सहायक भूमिका’ म्हटले जाते. ही भूमिका दुय्यम, म्हणून कमी महत्त्वाची, असा सर्वसाधारण समज आहे. तो कितपत खरा आहे, हे आपण रीमा लागू (१९५८–२०१७) यांच्या कारकिर्दीच्या आधारे तपासू.

रंगभूमीवरील पाया

रीमा लागू यांचे विवाहापूर्वीचे नाव नयन भडभडे. त्यांच्या आई मंदाकिनी भडभडे या मराठी रंगभूमीवरील अभिनेत्री होत्या. त्यामुळे अभिनयाचे संस्कार त्यांना घरातच लाभले. जयवंत दळवी यांच्या ‘पुरुष’ या नाटकात त्यांनी अंबिका साकारली. अत्याचार सोसूनही प्रतिकाराला उभी राहणारी ही स्त्री त्या नाटकाच्या केंद्रस्थानी आहे. प्रमुख भूमिका पेलण्याचे सामर्थ्य त्यांच्यापाशी होते, हे येथे लक्षात ठेवा.

आईची चौकट

हिंदी चित्रपटसृष्टीने मात्र त्यांना मुख्यतः एकच चौकट दिली, ती आईची. ‘कयामत से कयामत तक’ (१९८८) मध्ये त्या नायिकेची आई झाल्या आणि ‘मैंने प्यार किया’ (१९८९) मध्ये नायकाची. त्या वेळी त्यांचे वय तिशीच्या आसपास होते. ‘वास्तव’ (१९९९) मध्ये त्यांच्या मुलाची भूमिका करणारे संजय दत्त त्यांच्याहून सुमारे एकाच वर्षाने लहान होते. पुरुष कलावंत दीर्घकाळ नायक राहतो; त्याच वयाच्या अभिनेत्रीला मात्र पडद्यावर आई व्हावे लागते. हा भेद व्यवसायाच्या रचनेतून येतो. अभिनेत्रीच्या क्षमतेशी त्याचा संबंध नाही.

एकाच नात्याची अनेक रूपे

आता प्रश्न असा की, एकाच प्रकारच्या भूमिका करणाऱ्या अभिनेत्रीला अष्टपैलू म्हणता येईल का? दोन भूमिका शेजारी ठेवून पाहा. ‘मैंने प्यार किया’मधील आई मुलाच्या प्रेमाची बाजू घेते, तिचे वात्सल्य प्रसन्न आणि मोकळे आहे. ‘वास्तव’मधील आई मुंबईच्या निम्नमध्यमवर्गीय घरातील आहे. गुन्हेगारीत पुरता बुडालेल्या मुलाची यातनांतून सुटका करण्यासाठी ती स्वतःच त्याच्यावर गोळी झाडते. येथे वात्सल्य आणि न्यायबुद्धी यांचा संघर्ष एकाच व्यक्तीच्या अंतःकरणात घडतो. ही आई वगळली, तर चित्रपटाचा शेवटच कोसळतो. नाते तेच असले, तरी त्यातील नैतिक भार संपूर्णपणे बदललेला आहे.

दूरचित्रवाणीने त्यांच्या विनोदी अंगाला वाव दिला. ‘श्रीमान श्रीमती’ या मालिकेत त्यांनी भोळी गृहिणी कोकी रंगवली, तर ‘तू तू मैं मैं’मध्ये सुनेशी सतत खटके उडणारी सासू. सुनेच्या भूमिकेत सुप्रिया पिळगांवकर होत्या. विनोदासाठी लागणारी संवादफेकीची अचूक वेळ ही रंगभूमीवरील अनुभवाचीच देणगी होय. अखेरच्या काळात ‘नामकरण’ या मालिकेत त्यांनी कठोर, सत्ता गाजवणारी कुटुंबप्रमुख स्त्री उभी केली. ही मालिका सुरू असतानाच, १८ मे २०१७ रोजी, मुंबईत त्यांचे निधन झाले.

निष्कर्ष

सर्वोत्कृष्ट सहायक अभिनेत्रीच्या फिल्मफेअर पुरस्कारासाठी त्यांना चार वेळा नामांकन मिळाले. पुरस्कार एकदाही मिळाला नाही. म्हणूनच अशा कारकिर्दीचे मोल केवळ पुरस्कारांच्या यादीवरून ठरवता येत नाही. भूमिकांची संख्या किंवा वेशभूषेतील बदल हेही अष्टपैलुत्वाचे पुरेसे निकष नव्हेत. मिळालेली चौकट अरुंद असतानाही तिच्यात प्रत्येक वेळी स्वतंत्र व्यक्ती उभी करणे, हा अधिक कठोर निकष आहे. आणि रीमा लागू त्यास उतरतात.

स्वयंअध्ययनासाठी प्रश्न

तुम्ही पाहिलेल्या एखाद्या चित्रपटातील किंवा मालिकेतील सहायक पात्र निवडा. ते पात्र वगळल्यास कथानकात कोणते बदल होतील, हे दहा-बारा ओळींत लिहा.