घाण्याच्या वेळेला सायकलवर

"काका, चहा नोका घेऊ आता. पयले पोहे, मंग चहा. तर्री उतरली असंल." पुतण्याने सायकल ओट्याला टेकवून ठेवली होती आणि खिशातून एक छोटी वही काढली होती. वहीत गावाचा नकाशा असेल असं मला वाटलं. नकाशा नव्हता. डाव्या बाजूला वेळा आणि उजव्या बाजूला पदार्थ, एवढंच. सात वीस, पोहे. पावणेअकरा, समोसा. चार, जिलेबी. साडेसहा, भजे. गाड्याचं नाव नाही, गल्लीचं नाव नाही.

पुण्यात शिकणाऱ्या या पोराने कुठल्याशा शहरात सायकलवरची खाद्यफेरी केली आणि तेव्हापासून त्याच्या डोक्यात भुंगा शिरला: आपल्या मालेगावात हे का नाही? बाहेरच्या माणसाला मालेगाव म्हटलं की यंत्रमाग आठवतात, पण ते नाशिक जिल्ह्यातलं. आमचं हे मालेगाव जहांगीर. १९९८ साली अकोल्यातून वाशिम जिल्हा वेगळा निघाला तेव्हा त्यात गेलेलं तालुक्याचं गाव. अकोल्याहून पातूरचा घाट, मेडशी, मग मालेगाव आणि पुढे वाशिम, हिंगोली, नांदेड. या रस्त्याला आडवा छेदत जाणारा नागपूर-औरंगाबादचा जुना रस्ता. रेल्वे तालुक्यात आहे, पण ती जऊळक्याला. गावाच्या वाट्याला आला तो एसटी स्टँड. आणि दोन मोठे रस्ते जिथे एकमेकांना भेटतात, एसटी जिथे दहा मिनिटं थांबते, तिथे कढई चढणारच.

ही सायकलफेरी नावाची गोष्ट काय आहे ते आधी सांगायला हवं. आठ-दहा जण, प्रत्येकाला एक सायकल, पुढे वाटाड्या, शेवटी त्याचा एक साथीदार. मागचा माणूस महत्त्वाचा, कारण कोणी तरी चेन पाडून घेतोच. जुन्या दिल्लीत जॅक लीनार्स नावाच्या डच पत्रकाराने २००९ मध्ये 'दिल्ली बाय सायकल' सुरू केलं. सायकलच्या देशातून आलेल्या माणसाला चांदणी चौकात दुसरं काय सुचणार म्हणा! भल्या पहाटे निघायचं, शहाजहानाबादच्या गल्ल्यांतून, खारी बावलीच्या मसाल्याच्या बाजारातून फिरायचं आणि जामा मशिदीजवळच्या 'करीम'मध्ये नाश्त्याला उतरायचं. 'करीम' १९१३ पासून चालू आहे. मुंबईत कृष्णा पुजारी आणि ख्रिस वे यांनी २००५ साली काढलेली 'रिअॅलिटी टूर्स' धारावीच्या फेऱ्यांसाठी ओळखली जाते. तिचीही दक्षिण मुंबईत पहाटेची सायकलफेरी आहे.

या सगळ्या फेऱ्या पहाटेच्या, ही गोष्ट मला पुतण्याच्या वहीकडे बघताना पहिल्यांदा खटकली. मोठ्या शहरात नऊनंतर सायकल चालवणं म्हणजे जिवाशी खेळ. म्हणून फेरी उन्हं चढायच्या आत गुंडाळावी लागते. पण मुंबईचं रस्त्यावरचं खाणं संध्याकाळचं आहे. भेळ, रगडा पॅटिस, पावभाजी हे सगळं दिवेलागणीनंतर रंगात येतं. दादर स्टेशनबाहेर १९६६ साली अशोक वैद्यांनी वडा पावात घातला असं सांगतात, तोही घराकडे निघालेल्या गिरणी कामगारांच्या भुकेवर चालला. म्हणजे सायकलवरच्या पाहुण्याला शहर जागं होताना दिसतं, मासळी उतरताना दिसते, पेपरचे गठ्ठे सुटताना दिसतात, आणि खाणं मात्र शेवटी एका टेबलावर बसून. संध्याकाळचं खाणं दाखवायचं तर पायी फिरवतात. आमच्या गावाएवढ्या गावात ही अडचण नाही. इथे सकाळी सातला सायकल चालते आणि संध्याकाळी सातलाही. स्टँडसमोरचा रस्ता ओलांडायला तेवढं धैर्य लागतं.

मीही एकदा अशी फेरी केली आहे, एका शहरात, नाव कशाला घ्या. वाटाड्या हुशार होता, इतिहास तोंडपाठ. एका गाड्यासमोर उभं करून त्याने आम्हाला बटाटा पोर्तुगीजांनी कसा आणला इथपासून सुरुवात केली. समोर परातीत वडे वाफाळत होते. तो मिरचीपर्यंत पोचला तोवर वाफ गेली होती, कवच मऊ पडलं होतं आणि विकणारा माणूस आमच्यामागे उभ्या असलेल्या नेहमीच्या गिऱ्हाइकांकडे केविलवाणा बघत होता. बटाटा आला कधी हे मला आज आठवत नाही. वडा गार होता हे आठवतं.

म्हणून पुतण्याच्या वहीने मला धरलं. रस्त्यावरचं खाणं जागेला बांधलेलं नसतं, वेळेला असतं. तोच गाडा, तोच माणूस, तेच बेसन. पण घाणा उतरला तेव्हा तुम्ही हजर असलात तर ते भजं, अर्ध्या तासाने गेलात तर ते पीठ. पायी फिरणाऱ्याला एका घाण्यावरून दुसऱ्यावर वेळेत पोचता येत नाही. मोटारसायकलवाला पोचतो, पण तो तर्रीचा वास हेल्मेटच्या आत ऐकणार कसा? (वऱ्हाडात वास ऐकत नाहीत, घेतात. पण आमची आजी ऐकायची.) आणि मोटारसायकलवर दोन घाण्यांच्या मध्ये भूक लागत नाही.

खरं तर खाण्यात सायकल आली ती पाहुण्याला फिरवायला नव्हे. आधी खाणंच सायकलवर फिरत होतं. अठ्ठावीस इंची चाकांची ती काळी, उंच, जड सायकल आठवून बघा. दुधाचे कॅन, पावाची टोपली, गॅसचं सिलिंडर, काहीही तिच्या कॅरिअरवर बसायचं. गोव्यात पोदेर, म्हणजे पाववाला, आजही सकाळ-संध्याकाळ रबरी भोंगा वाजवत येतो. कॅरिअरवर बांबूची मोठी टोपली, वर प्लास्टिकचं आच्छादन, आत पोई, उंडे, बांगडीसारखं काकण. पूर्वी पोदेर पायी यायचा, हातात घुंगरांची काठी घेऊन. काठीचा आवाज भोंग्याने घेतला. मुंबईत अॅल्युमिनियमच्या डब्यात इडल्या आणि किटलीत सांबार घेऊन हिंडणारे इडलीवाले सायकलवरच. दुपारचे डबेवाले लोकलमधून उतरले की सायकलवर. आमच्याकडे उन्हाळ्यात गारेगारवाला.

या गारेगार आणि कुल्फीवाल्याच्या सायकलीकडे कधी नीट बघितलंय? कॅरिअरवर लाकडी पेटी, ती जुन्या ट्यूबच्या पट्ट्यांनी आवळलेली, कारण दोरी सैल पडते आणि ट्यूब खड्ड्यात ताण खाऊन परत जागेवर येते. पेटीत बर्फाचा चुरा आणि खडं मीठ. मीठ मिसळलं की बर्फ वितळू लागतो आणि वितळताना भोवतालची उष्णता ओढून घेतो. शून्याच्या बऱ्याच खाली, प्रमाण जमलं तर उणे वीसच्या आसपास उतरतो. त्यात पत्र्याचे निमुळते साचे, तोंडाला झाकण आणि झाकणाच्या कडेने कणकेचं लिंपण, खारं पाणी आत जाऊ नये म्हणून. वैशाखात चाळीस-बेचाळीस अंशांत वीज नसलेलं हे शीतगृह दोन चाकांवर गल्लोगल्ली फिरतं. स्टँड लावताना मात्र माणूस सायकलीच्या उजवीकडे जातो आणि पेटीला खांदा देतो. एका माणसाच्या ताकदीने ती उचलत नाही, तोलाने उचलते.

या सायकली बनवणारे कारखानेही पूर्वीसारखे राहिले नाहीत. १९५१ साली सोनीपतला सुरू झालेल्या 'अॅटलस'ने साहिबाबादचा कारखाना थांबवला तो ३ जून २०२० ला, नेमका जागतिक सायकल दिनाला. योगायोग लिहिणाऱ्याला आवडतो, कामगाराला नाही. गारेगारवाल्यांच्या जागी मोटार लावलेल्या तीनचाकी आल्या. पुतण्याच्या सायकली गिअरच्या आहेत, त्यांना कॅरिअरच नाही. वही खिशात ठेवावी लागते ती त्यामुळेच.

तर सात वीस. पोहे. तर्री म्हणजे हरभऱ्याची तिखट, लाल, वर तेल सुटलेली पातळ उसळ, पोह्यांवर ओतायची. नागपूरने तिला नाव मिळवून दिलं, वऱ्हाडाने तिला गुपचूप आपलं केलं. आलूबोंड्यावरही तीच. आलूबोंडा म्हणायचं, बटाटावडा नाही. आणि वरून सांबार हवा का असं विचारलं तर पुण्यामुंबईचा पाहुणा डाळीच्या वाटीची वाट बघतो. सांबार म्हणजे कोथिंबीर. वाटाड्याला सांगण्यासारखं इतकंच पुरे आहे, आणि तेही खाता खाता.

दिवसभरातलं बाकीचं झटपट सांगतो. समोसा बरा होता. जिलेबीला पाक थोडा जास्त झाला होता, पण बाजाराच्या दिवशी खेड्यातून आलेला माणूस ती पेपरात बांधून नातवासाठी नेतो तेव्हा पाकच हवा असतो. पेपरात बांधू नका, शाई अन्नात उतरते, असं अन्नसुरक्षा प्राधिकरण सांगत आलंय. पुतण्या त्याच्या फेरीत पळसाचे द्रोण वापरणार म्हणतो. झाडं आमच्याकडे काही कमी नाहीत.

दुपारी त्याने मला शिरपूरपर्यंत नेलं. शिरपूर जैन, अंतरिक्ष पार्श्वनाथांचं तीर्थ, याच तालुक्यातलं. तिथे खाण्याची वेळ आणखी पक्की: सूर्यास्ताच्या आत. कांदा-बटाटा नाही. "इथी वहीची गरजच नाही काका, सूर्यच वही." येताना समृद्धी महामार्ग लागला. ७०१ किलोमीटरचा हा रस्ता ५ जून २०२५ ला पूर्ण खुला झाला आणि आमच्या तालुक्यातूनही तो जातो. त्यावर सायकलला बंदी, मोटारसायकललाही बंदी. गाड्या सुसाट जातात, ताशी १२०. भज्यांच्या वासाला तिथे थांबायला जागा नाही. तो रस्ता आल्यापासून लांबचे घाईचे लोक गावात उतरत नाहीत. जुन्या रस्त्यावर राहिलेलं गिऱ्हाईक म्हणजे एसटीचं, खेड्यांचं आणि आपलं.

संध्याकाळ भज्यांची. कढईत तेल तापत होतं. विकणारा, साठीच्या पुढचा माणूस, बोटाने पिठाचा एक थेंब सोडायचा आणि तो किती वेळाने वर येतो ते बघायचा. लगेच वर आला तर तेल फार तापलं, तळाशी बसला तर अजून अवकाश. पुतण्या मात्र फेस बघत होता. तेल पुन्हा पुन्हा तापवलं की त्यात ध्रुवीय संयुगं वाढतात. ती २५ टक्क्यांवर गेली की तेल टाकून द्यावं असा नियम १ जुलै २०१८ पासून आहे. ते मोजायचं यंत्र गाड्यावर कुठून असणार? पण जुन्या तेलाचा फेस विझत नाही, कढईभर तरंगत राहतो, हे डोळ्यांना दिसतं. या कढईतला फेस विझत होता.

"फेरी सुरू केली तर रोज दहा लोक आणीन, काकाजी," पुतण्या म्हणाला. "साडेसहाला."

म्हातारा काही बोलला नाही. झाऱ्याने भजे उलटवले. मला त्याच्या गप्पपणाचं कारण कळत होतं. दहा लोक एकदम आले तर नेहमीचा माणूस मागे राहतो, आणि धंदा चालतो तो नेहमीच्या माणसावर. २०१४ च्या पथविक्रेता कायद्याने गाडेवाल्याला जागेचा हक्क दिला, पथविक्रेता समितीत चाळीस टक्के जागा त्याला ठेवल्या. गर्दी कोणाची घ्यायची हे मात्र त्याचं त्यालाच ठरवावं लागतं.

"दहा नोको," तो शेवटी म्हणाला. "पाच आण. आन दुसऱ्या घाण्याले आण. पयला घाणा आमच्या लोकायचा."

पुतण्याने साडेसहा खोडलं आणि सहा पन्नास लिहिलं. म्हाताऱ्याने द्रोणात भजे टाकले, तळलेल्या मिरच्या टाकल्या, मीठ भुरभुरलं.

"आन पाऊस आला ना, बाप्पा, तं मी चारलेच कढई लावतो. पावसात लोक वाट नाही पाहात."

पुतण्याने पेन्सिल पुन्हा काढली. समासात, सहा पन्नासच्या शेजारी, त्याने 'पाऊस' एवढंच लिहिलं, आणि वही तेलकट बोटांनी खिशात कोंबली.