यादीतलं घर आणि आपला प्रश्न: लेकॉक गावाच्या निमित्ताने

संशोधनाचा विषय शोधताना एखादी तयार सरकारी यादी हाती लागली की वाटतं, चला, अर्धं काम झालं. यादीत नावं आहेत, तारखा आहेत, दर्जा आहे. मोजायचं, तक्ता करायचा आणि प्रकरण लिहायला घ्यायचं. हे असं का करू नये, आणि तरीही यादी बाजूला का टाकू नये, हे आज एका इंग्लिश खेड्याच्या उदाहरणावरून बघू.

गाव आहे लेकॉक, इंग्लंडच्या विल्टशायर परगण्यातलं. मुख्य गाव म्हणजे चार रस्त्यांचा एक चौकोन. शेजारी १२३२ साली स्थापन झालेला जोगिणींचा मठ. १५३९ मध्ये राजा आठव्या हेन्रीच्या काळात तो बंद झाला आणि लगेच खाजगी मालकीत गेला. पुढे तो टॅल्बट घराण्याकडे आला. त्यातल्या विल्यम हेन्री फॉक्स टॅल्बट यांनी १८३५ मध्ये याच मठाच्या एका खिडकीची निगेटिव्ह काढली, म्हणून छायाचित्रणाच्या इतिहासातही गावाचं नाव येतं. १९४४ मध्ये मटिल्डा टॅल्बट यांनी मठ आणि जवळजवळ सगळं गाव नॅशनल ट्रस्ट या संस्थेला देऊन टाकलं. १९९५ ची ‘प्राइड अँड प्रेज्युडिस’ मालिका पाहिली असेल, तर हे गाव तुम्ही आधीच पाहिलंय.

गावातल्या असंख्य घरांची नावं संरक्षित इमारतींच्या राष्ट्रीय यादीत आहेत. ही यादी इंटरनेटवर फुकट बघता येते. प्रत्येक नोंदीत क्रमांक, ग्रेड, यादीत आल्याची तारीख आणि वर्णन असतं. आता मोह होतो तो इथेच.

यादी कोणी, कशासाठी केली?

कुठलाही स्रोत उघडला की पहिला प्रश्न हा. दुसऱ्या महायुद्धात बॉम्बहल्ल्यांनी शहरं पडली, तेव्हा पडझड झालेल्या कोणत्या इमारती वाचवायच्या हे ठरवणं भाग होतं. १९४४ आणि १९४७ च्या नगररचना कायद्यांतून देशभर याद्या करण्याचं काम सुरू झालं. सुरुवातीला संरक्षण तसं कच्चं होतं: मालकाने पाडण्याआधी दोन महिन्यांची नोटीस द्यायची, बस. आधी परवानगी घेण्याची सक्ती आली १९६८ च्या कायद्याने. आज १९९० चा कायदा लागू आहे. परवानगीशिवाय अशा इमारतीचं स्वरूप बिघडेल असा बदल केला तर तो फौजदारी गुन्हा ठरतो आणि तुरुंगवासही होऊ शकतो.

म्हणजे यादी मुळात प्रशासनासाठी बनली. ‘कोणती इमारत हलवायची नाही?’ या प्रश्नाचं ती उत्तर आहे. ‘या गावात लोक कसे राहत होते?’ हा प्रश्न तिला कोणी विचारलाच नव्हता.

ग्रेडबद्दलही एक खुलासा. मुंबईच्या १९९५ च्या वारसा नियमावलीत एक, दोन-अ, दोन-ब आणि तीन असे दर्जे आहेत. त्या सवयीने इंग्लंडची यादी वाचू नका. तिथे एक, दोन-तारांकित आणि दोन एवढेच दर्जे आहेत, आणि सुमारे ९२ टक्के नोंदी ग्रेड दोनच्या. तिथे ‘दोन’ म्हणजे मधला दर्जा नाही, नेहमीचा दर्जा.

तीन ठिकाणी पाय घसरतो

पहिलं, नियमालाच निष्कर्ष समजणं. इंग्लंडमध्ये १७०० पूर्वीची आणि मूळ बांधकाम बऱ्यापैकी टिकलेली इमारत बहुतेक यादीत येतेच. १७०० ते १८५० मधल्याही पुष्कळ येतात. त्यानंतरची निवड कडक होत जाते. आता कोणी लिहिलं की ‘यादीवरून दिसतं, गावातली महत्त्वाची घरं १८५० पूर्वीची आहेत,’ तर त्याने शोध काहीच लावला नाही. निवडीचा नियमच परत वाचून दाखवला.

दुसरं, दर्शनी भिंतीच्या तारखेला घराची तारीख समजणं. इंग्लंडच्या जुन्या गावांत लाकडी सांगाड्याच्या मध्ययुगीन घरांना अठराव्या शतकात विटांची किंवा दगडाची नवी दर्शनी भिंत लावलेली पुष्कळदा सापडते. लेकॉकही याला अपवाद नाही. जुन्या नोंदी लिहिणाऱ्यांना थोड्या वेळात खूप इमारती बघायच्या होत्या, त्यामुळे वर्णन अनेकदा रस्त्यावरून दिसेल तेवढंच, चार ओळींचं असतं. संरक्षण मात्र सहसा आतून-बाहेरून पूर्ण इमारतीला असतं. वर्णनात जिन्याचा उल्लेख नाही म्हणून जिना जुना नाही, किंवा तो काढला तरी चालतो, असं अजिबात नाही.

तिसरं, जे टिकलं त्यालाच सगळं गाव समजणं. गरिबांची हलक्या बांधणीची घरं पडली, जळली, त्यांच्या जागी दुसरी आली. यादीत फक्त उरलेली आहेत. शिवाय लेकॉक उरलं त्यामागे एकाच घराण्याची दीर्घ मालकी हे मोठं कारण आहे. शंभर मालक असते तर शंभर जणांनी आपापल्या सोयीने बदल केले असते. त्यामुळे लेकॉकवरून ‘इंग्लिश खेडं असं होतं’ म्हणणं धोक्याचं.

मग करायचं काय?

यादीपासून सुरुवात करा, पण तिथे थांबू नका. एक घर निवडा आणि त्याला तीन वेगवेगळे प्रश्न विचारा.

कधी बांधलं? लाकूड शिल्लक असेल तर वृक्षवलयांवरून झाड कधी तोडलं ते कळू शकतं. ओक बहुधा ओला असतानाच वापरत, त्यामुळे तोडणीचं साल बांधकामाच्या सालाच्या जवळ असतं. मात्र तुळई दुसऱ्या घरातून काढून आणलेली नाही ना, हे आधी तपासायचं.

कोणाचं होतं, कोण राहत होतं? १८३६ च्या कायद्यानंतर चर्चच्या दशांश करासाठी इंग्लंडच्या बहुतेक भागात नकाशे झाले. सोबतच्या तक्त्यात मालक आणि वहिवाटदार वेगळे लिहिलेले असतात. १८४१ पासूनच्या जनगणनेत राहणाऱ्यांची नावं आणि व्यवसाय मिळतात. दोन्ही शेजारी ठेवा, म्हणजे भिंतीमागची माणसं दिसायला लागतात.

का बदललं? १६९६ ते १८५१ इंग्लंडमध्ये खिडक्यांवर कर होता, १७८४ ते १८५० विटांवर. बुजवलेली खिडकी दिसली की कराची शक्यता धरा, पण लगेच शिक्कामोर्तब करू नका. काही खिडक्या नुसत्या समतोल दिसावा म्हणून पहिल्यापासून आंधळ्याच बांधलेल्या असतात.

हे तिन्ही स्रोत एकमेकांशी जुळले नाहीत तर घाबरू नका. यादी म्हणते अठरावं शतक, तुळई म्हणते पंधरावं. ‘मग ही भिंत कोणी, कोणत्या पैशावर उभी केली?’ हा तुमचा संशोधनप्रश्न त्या फटीतच असतो.

आणि हे सगळं फक्त गुणांसाठी नाही. या घरांत आजही माणसं राहतात. दुरुस्तीची परवानगी मागताना इमारतीचं महत्त्व कशात आहे हे अर्जदाराला लिहावं लागतं, आणि तिथे कोणाचं तरी संशोधन पुरावा म्हणून जोडलं जातं. घाईने लिहिलेली एक तारीख पुढे एखादी जुनी भिंत पाडायला कारण होऊ शकते, किंवा एखाद्या भाडेकरूची ओल आलेली खोली विनाकारण तशीच राहू शकते.

तर या आठवड्यात एक काम करा. तुमच्या विषयातली कोणतीही यादी घ्या आणि वहीत तीन ओळी लिहा: ही कोणी केली, कोणता निर्णय घेण्यासाठी केली, आणि तिच्या नियमामुळे कोण बाहेर राहिलं. तिसरी ओळ लिहायला सगळ्यात जास्त वेळ लागेल. लागू द्या.