मागच्या तारखेची बढती

महाराष्ट्रातल्या ज्येष्ठतेच्या वादांचा मागोवा घ्यायचा तर 1 नोव्हेंबर 1956 पर्यंत मागे जावं लागतं. राज्य पुनर्रचनेत विदर्भ आणि मराठवाडा मुंबई राज्यात आले, आणि त्यांच्याबरोबर मध्य प्रदेश व हैदराबादच्या सेवेतली माणसंही आली. पदनामं वेगळी, वेतनश्रेण्या वेगळ्या, नियम वेगळे. या सगळ्यांची मिळून एकच ज्येष्ठतासूची करायची होती. पुनर्रचना कायद्याच्या कलम 115 ने सेवाशर्तींना संरक्षण दिलं, तरी कोण कोणाच्या वर हा प्रश्न कायद्याने आपोआप सुटणारा नव्हता. तो टेबलांवरून कोर्टात गेला.

सगळ्यांत मोठी लढाई अभियंत्यांची. उपअभियंत्याच्या पदावर काही जण सरळसेवेने, म्हणजे थेट भरतीने येत, काही खालून पदोन्नतीने. 1960 च्या नियमांनी ज्येष्ठता ठरवायला कायम होण्याची तारीख धरली. सरळसेवेचा माणूस परिवीक्षा संपली की कायम होई. पदोन्नत माणूस मात्र तेच काम, त्याच पदावर, वर्षानुवर्षं स्थानापन्न म्हणून करत राही. जागा रिकामी असूनही त्याला कायम करण्याचा आदेश निघत नसे. मग कालपरवा आलेला तरुण यादीत त्याच्या वर जाऊन बसे आणि कार्यकारी अभियंत्याची पुढची जागा त्यालाच मिळे.

1977 मध्ये पटवर्धन विरुद्ध महाराष्ट्र राज्य या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने ही कसोटी रद्द केली. न्यायमूर्ती यशवंतराव चंद्रचूड यांनी त्या निकालात म्हटलं, की कायम होणं ही सरकारी नोकरीतली एक अशोभनीय अनिश्चितता आहे. ती ना माणसाच्या कार्यक्षमतेवर अवलंबून असते, ना रिकाम्या जागेवर. आस्थापना शाखेचे हेलपाटे घातलेल्या कुणालाही हे वाक्य आपल्याबद्दलच लिहिलंय असं वाटेल. सरळसेवेच्या अभियंत्यांनी पुन्हा दाद मागितली आणि 1990 मध्ये घटनापीठाने निर्णय दिला. नियमाप्रमाणे नेमणूक झाली असेल तर ज्येष्ठता नेमणुकीच्या तारखेपासून, कायम झाल्याच्या तारखेपासून नव्हे. नियम डावलून केलेली निव्वळ तात्पुरती सोय मात्र मोजायची नाही. देशभरातल्या ज्येष्ठतेच्या खटल्यांत आजही वकील ज्या निकालापासून सुरुवात करतात, तो महाराष्ट्राच्या पाटबंधारे-बांधकाम खात्यांतल्या भांडणातून आला आहे. स्थिरावलेली यादी पुन्हा उसकटू नये, हेही त्याच निकालात सांगितलं आहे.

दरम्यान राज्याने 1982 मध्ये ज्येष्ठतेचे नियम केले. 2021 मध्ये त्यांची जागा नव्या नियमांनी घेतली. 1982 च्या नियमांतच मानीव दिनांक आला. यादीतल्या चुकीमुळे किंवा पदोन्नती समितीने नाव न घेतल्यामुळे कनिष्ठ माणूस आधी वर गेला, तर मागे राहिलेल्याला कनिष्ठाच्या पदोन्नतीची तारीख मानून द्यायची. 1991 मध्ये महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरण सुरू झाल्यावर अशा अर्जांसाठी ‘मॅट’ हे हक्काचं दार झालं.

तारीख मिळाली तरी पैसे मिळतात का? खरं दुखणं इथे आहे. बहुधा वेतननिश्चिती काल्पनिक होते, म्हणजे आजचा पगार वाढतो, पण मधल्या वर्षांची थकबाकी बुडते. कारण दिलं जातं ते ‘काम नाही तर दाम नाही’ हे. सर्वोच्च न्यायालयाच्या 1991 च्या जानकीरामन निकालाने याला चांगलं उत्तर दिलं. चौकशीमुळे ज्याच्या बढतीचा निर्णय मोहोरबंद पाकिटात ठेवला आणि जो पुढे पूर्ण निर्दोष ठरला, तो काम करायला तयारच होता. त्याला सरकारने रोखलं होतं. त्याला हा नियम सरसकट लावता येत नाही. 2007 मध्ये केरळच्या एका प्रकरणात न्यायालयाने म्हटलं, की थकबाकीबाबत कोणताही एक ठरीव नियम नाही, परिस्थिती पाहून ठरवावं. माझं मत स्पष्ट आहे: चूक खात्याची असेल, तर थकबाकी द्यायलाच हवी. ते पैसे मुलांच्या शिक्षणाच्या वयात मिळायचे होते.

आरक्षणाच्या पदोन्नतीत तर संविधानानेच मागची तारीख दिली. 1995 आणि 1996 च्या निकालांनी आरक्षणातून आधी वर गेलेल्यांची ज्येष्ठता काढून घेतली, तेव्हा संसदेने 85 वी घटनादुरुस्ती केली आणि ती 17 जून 1995 पासून लागू केली. 2006 मध्ये ती वैध ठरली. महाराष्ट्रात मात्र 2017 च्या उच्च न्यायालयाच्या निकालानंतर पदोन्नतीतल्या आरक्षणाचं गाडं अडलं, आणि 7 मे 2021 च्या शासन निर्णयाने 25 मे 2004 रोजीच्या ज्येष्ठतेवरून पदोन्नत्या द्यायचं ठरवलं. सतरा वर्षं मागची यादी! तिच्यामुळे किती जणांचे क्रमांक खालीवर झाले असतील, हे त्या कार्यालयांत बसलेल्यांनाच माहीत.

मागची तारीख दिली की कुणीतरी मागे ढकलला जातो, हे विसरून चालत नाही. सर्वोच्च न्यायालयाच्या 2012 च्या परमार निकालाने सरळसेवेच्या उमेदवाराला तो रुजू होण्याआधीच्या रिक्तीच्या वर्षाची ज्येष्ठता दिली. 2019 मध्ये मणिपूर पोलीस सेवेच्या प्रकरणात न्यायालयाने ते चुकीचं ठरवलं: जो संवर्गात आलाच नव्हता, त्याला त्या काळाची ज्येष्ठता नाही. 2022 मध्ये या फेरविचारावरही शंका व्यक्त झाली आणि प्रश्न मोठ्या पीठाकडे गेला.

नोव्हेंबर 2024 चा निकाल मला सर्वांत कठोर वाटतो. पश्चिम बंगालमधले एक वैज्ञानिक अधिकारी 31 डिसेंबर 2016 ला निवृत्त झाले. त्यांच्या बढतीला अंतिम मंजुरी आली 4 जानेवारी 2017 ला. बढतीच्या पदाचा कार्यभार घेतलाच नव्हता, म्हणून मागच्या तारखेचा लाभ नाही, असं सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं. नियमाच्या अंगाने निकाल बरोबर असेल. पण फाईल ज्यांच्या टेबलावर थांबली त्यांना कुणी काही विचारलं नाही, आणि तो प्रश्न विचारायची तरतूद आपल्या नियमांत असायला हवी.

शासनाकडे मागणी एवढीच: दरवर्षी 1 जानेवारीची ज्येष्ठतासूची वेळेवर काढा आणि विभागीय पदोन्नती समितीची बैठक पुढे ढकलू नका. आणि सेवेत असलेल्यांना विनंती: तात्पुरती यादी लागली की आपलं नाव स्वतः पाहा, मुदतीत लेखी हरकत द्या, पोच जपून ठेवा. तीन-चार वर्षांनंतर न्यायालयं यादीला सहसा हात लावत नाहीत.