शिनानोकाठचे दारूकाम

जपानच्या मुख्य बेटाच्या पश्चिम किनाऱ्याकडील निइगाता प्रांतात, देशातील सर्वांत लांब म्हणजे ३६७ किलोमीटर वाहणाऱ्या शिनानो नदीच्या दोन्ही तीरांवर नागाओका हे शहर वसले आहे. तेथे दरवर्षी २ आणि ३ ऑगस्टच्या रात्री होणाऱ्या दारूकामाची गणना ओमागारी आणि त्सुचिउरा येथील दारूकामांबरोबर जपानमधील तीन सर्वश्रेष्ठ दारूकामांत होते. ओमागारीचा मेळा १९१० पासूनचा आणि त्सुचिउराचा १९२५ पासूनचा असून या दोन्ही ठिकाणी देशभरातील कारागीर आपले गोळे परीक्षकांपुढे उडवतात. त्या मूळच्या स्पर्धा असल्याने त्यांचे दिवस शनिवार पाहून ठरवले जातात. नागाओकाला मात्र परीक्षक नाहीत, पारितोषिक नाही आणि तारखाही हलत नाहीत. २ ऑगस्ट मंगळवारी आला तर दारूकाम मंगळवारीच होते. शनिवार-रविवारी प्रेक्षक वाढतील, हॉटेले भरतील, हे ठाऊक असूनही या शहराने आपल्या तारखा धरून ठेवल्या आहेत आणि त्याचे कारण १ ऑगस्ट १९४५ च्या रात्रीत आहे.

परदेशातून येणाऱ्या प्रवाशाला हे दारूकाम बहुधा मार्गदर्शकासह निघणाऱ्या सहलीतूनच पाहता येते. नदीकाठची बैठक अलीकडे तिकिटाची झाली असून पुष्कळशी तिकिटे सोडतीने वाटली जातात, शहरातील खोल्या कितीतरी आधी संपतात आणि कार्यक्रम आटोपल्यावर लाखो माणसे एकाच वेळी स्थानकाकडे निघतात. त्यामुळे बैठकीचे तिकीट, तोक्योहून जोएत्सु शिनकानसेन या अतिवेगवान गाडीचे किंवा बसचे आरक्षण आणि शेजारच्या एखाद्या गावातील मुक्काम हे सारे सहल आखणारी संस्था एकत्र बांधून देते. चौकटी आखून पाच-सहा जणांसाठी राखलेल्या जमिनीवरच्या जागेला ‘मासुसेकी’ म्हणतात. तेथे पादत्राणे काढून चटईवर बसायचे असते. येथवरची सोय कोणतीही संस्था करू शकेल. मार्गदर्शकाची खरी गरज लागते ती निवेदन सुरू झाल्यावर, कारण प्रत्येक प्रयोगाआधी ध्वनिवर्धकावरून त्याचे नाव, तो कोणी अर्पण केला आणि कशासाठी, हे जपानीत वाचून दाखवले जाते. तेवढे कळले नाही, तर समोर दिसते ती फक्त रोषणाई.

नागाओकातील पहिले नोंदलेले दारूकाम १८७९ च्या सप्टेंबरात एका हाचिमान देवळाच्या उत्सवात झाले. त्याच्या अकरा वर्षे आधी, १८६८ च्या बोशिन यादवी युद्धात, सम्राटाच्या फौजांशी लढताना हे किल्ल्याचे शहर बेचिराख झाले होते. आजचे रेल्वे स्थानक त्याच किल्ल्याच्या जागी उभे आहे. त्या पडत्या काळात शेजारच्या संस्थानाने पाठवलेली तांदळाची शंभर पोती भुकेल्यांत न वाटता कोबायाशी तोरासाबुरो या अधिकाऱ्याने विकून तो पैसा शाळेसाठी लावला. हा प्रसंग जपानमध्ये इतका परिचित आहे की, आजच्या कार्यक्रमातील एक फुटी शंभर गोळ्यांच्या मालिकेला याच शंभर पोत्यांचे नाव दिलेले आहे.

१ ऑगस्ट १९४५ रोजी रात्री साडेदहाला १२५ बी-२९ विमानांनी या शहरावर आग लावणारे बॉम्ब टाकण्यास सुरुवात केली. सुमारे पावणेदोन तास चाललेल्या या हल्ल्यात शहराचा ऐंशी टक्क्यांच्या आसपास भाग जळाला आणि १,४८० हून अधिक माणसे मेली. आगीपासून वाचण्यासाठी शहरातून वाहणाऱ्या काकी या लहान नदीत उतरलेल्यांपैकीही अनेकांचा तेथेच अंत झाला. पुढच्याच वर्षी, १ ऑगस्ट १९४६ ला, राखेत उभ्या असलेल्या शहराने पुनर्बांधणीचा उत्सव भरवला आणि १९४७ पासून युद्धकाळात बंद पडलेले दारूकाम त्याला जोडले. आज १ ऑगस्टचा दिवस स्मरणाचा मानला जातो. संध्याकाळी काकी नदीत दिवे सोडतात, हल्ला सुरू झाला त्याच वेळी, साडेदहाला, देवळांच्या घंटा वाजतात आणि पांढऱ्या शेवंतीच्या आकाराचे निर्भेळ पांढरे गोळे आकाशात फुटतात. २ आणि ३ तारखेचा कार्यक्रमही याच पांढऱ्या गोळ्यांनी उघडतो. सूर्य तूळ राशीत असताना अमावास्येच्या सायंकाळी हाती चूड धरून पितरांना वाट दाखवावी, हे उल्कादानाचे विधान ज्यांच्या वाचनात आले असेल, त्यांना नागाओकाचा हा आरंभ परका वाटणार नाही.

या गोळ्याचे नाव ‘शिरागिकु’, म्हणजे पांढरी शेवंती. तो घडवणारे नागाओकाचे कारागीर कासे सेइजी यांचा जन्म १९२२ चा. युद्ध संपताना ते सोव्हिएत सैन्याच्या हाती सापडले आणि सैबेरियातील कैदेत त्यांचे अनेक सोबती थंडीने व उपासमारीने गेले. कासे परतले, वडिलोपार्जित धंदा त्यांनी पुढे चालवला आणि १९९० मध्ये खाबारोव्स्क येथे आमूर नदीच्या काठी जाऊन त्या सोबत्यांसाठी हा पांढरा गोळा उडवला. रंगांची एवढी समृद्धी हाताशी असलेल्या माणसाने रंग वर्ज्य करून केलेली ही रचना या कलेतील श्रेष्ठ कृतींपैकी मानली पाहिजे.

रंगांची ही समृद्धी जपानलाही उशिराच लाभली. १५४३ मध्ये तानेगाशिमा बेटावर उतरलेल्या पोर्तुगीजांनी जपान्यांना बंदुका दाखवल्या. त्यांच्या पूर्वेकडील सत्तेचे ठाणे तेव्हा गोवा होते. बंदुकीच्या दारूचे तंत्र पसरल्यानंतर, सतराव्या शतकापासूनच्या शांततेच्या काळात, तिचा शोभेसाठी वापर वाढत गेला आणि १६५९ मध्ये एदो, म्हणजे आजचे तोक्यो, येथे ‘कागिया’ या घराण्याची पेढी निघाली. १८१० मध्ये तिच्यातून ‘तामाया’ ही शाखा फुटली. पण १८४३ मध्ये तामायाच्या आवारातून आग पसरल्यामुळे तिला शहराबाहेर काढण्यात आले. तरीही सुंदर गोळा फुटला की “तामाया!” अशी हाळी जपानी प्रेक्षक आजतागायत देतात. शोरा, गंधक आणि कोळसा एवढ्यावरच चालणारे ते जुने दारूकाम तांबूस-सोनेरी रंगापलीकडे जात नसे आणि त्याला आता ‘वाबी’ असे निराळे नाव आहे. मेइजी काळात पोटॅशियम क्लोरेट व धातूंचे क्षार आयात होऊ लागले. तेव्हा स्ट्रॉन्शियमने लाल, बेरियमने हिरवा आणि तांब्याने निळा रंग आणला. यांतील निळा सर्वांत दुर्घट, कारण तो देणारे तांब्याचे संयुग ज्योतीची उष्णता जरा वाढली की विघटन पावते. भारतातील दारूकामाच्या इतिहासाचा असाच शोध पुण्याच्या भांडारकर प्राच्यविद्या संशोधन मंदिरातील परशुराम कृष्ण गोडे यांनी घेतला होता. १४०० ते १९०० या पाच शतकांवरचा त्यांचा ग्रंथ १९५३ मध्ये प्रसिद्ध झाला आणि दोन्ही देशांच्या परंपरा शेजारी ठेवून पाहू इच्छिणाऱ्याने तेथूनच आरंभ करावा.

जपानी गोळ्याचे वैशिष्ट्य त्याच्या बांधणीत आहे. आत ‘होशी’, म्हणजे तारे, या नावाच्या दारूच्या गोळ्या असतात. मोहरीसारख्या बारीक दाण्यावर ओलसर मिश्रणाचा जेमतेम अर्धा मिलिमीटर थर चढवायचा, उन्हात वाळवायचा, पुन्हा थर चढवायचा, असे दिवसानुदिवस करत एक तारा तयार होतो. प्रत्येक थराचे रसायन बदलले की जळताना तोच तारा एका रंगातून दुसऱ्या रंगात जातो. कागदाच्या दोन अर्धगोलांत हे तारे कडेने हाताने लावून मध्ये गोळा फोडणारी दारू भरतात आणि दोन्ही अर्ध जोडून वरून कागदाच्या पट्ट्या थरावर थर चिकटवतात. या पट्ट्यांचा दाब एके ठिकाणी जरी कमी पडला, तरी गोळा त्या बाजूने आधी फुटतो आणि आकाशातले वर्तुळ वाकडे होते. म्हणून जाणकार प्रेक्षक गोळ्याची परीक्षा काही ठरलेल्या गोष्टींवरून करतो. गोळा चढण्याचा वेग संपून क्षणभर थांबतो, नेमका तेथेच तो फुटला पाहिजे. फुलाचा घेर कोठूनही पाहिला तरी गोल दिसला पाहिजे. एकही तारा मागे राहता किंवा भरकटता कामा नये. आणि शेवटी सारे तारे एकदम विझले पाहिजेत. यांतला शेवटचा गुण, ‘किएगुची’, नवख्याच्या लक्षात येत नाही, कारण त्याची नजर तोवर पुढच्या गोळ्याकडे गेलेली असते. चांगला मार्गदर्शक बसमध्येच हे समजावून सांगतो, आणि ज्याने ते ऐकले त्याची संध्याकाळ शेजाऱ्याच्या संध्याकाळीहून वेगळी जाते.

नागाओकाचा मान तीन शाकुंच्या गोळ्याला आहे. शाकु हे सुमारे ३० सेंटिमीटरचे जुने माप. तेव्हा या गोळ्याचा व्यास ९० सेंटिमीटर, वजन जवळजवळ ३०० किलो, तो फुटण्याची उंची ६०० मीटरच्या आसपास आणि फुलाचा विस्तारही तेवढाच. तो उडवण्याआधी भोंगा वाजतो. प्रवाशाला ती सूचना वाटते, पण १९४५ पाहिलेल्या पिढीच्या कानांना तो आवाज हवाई हल्ल्याच्या भोंग्याहून निराळा भासणे कठीण होते. भोंगा थांबल्यावर लोखंडी उखळीतून निघालेला गोळा चढताना बारीक शेपटी दिसते, मग काही क्षण काहीच दिसत नाही आणि पाहता पाहता अर्धे आकाश व्यापले जाते. त्यानंतर दोन-तीन सेकंदांनी, प्रकाश पुरेपूर पसरल्यावर, धमाका येऊन छातीवर आदळतो.

२३ ऑक्टोबर २००४ च्या चुएत्सु भूकंपाने या भागातील ६८ जणांचे प्राण घेतले. नागाओकाजवळ धावती शिनकानसेन गाडी रुळांवरून घसरली, शिनकानसेनच्या इतिहासात प्रथमच; सुदैवाने तीत कोणी दगावले नाही. आज सहलींचे प्रवासी याच मार्गाने येतात. डोंगरातील यामाकोशी हे गाव तर सबंध रिकामे करावे लागले आणि तेथील रहिवाशांनी नागाओकातील तात्पुरत्या घरांत आसरा घेतला. पुढच्या उन्हाळ्यात नागरिकांच्या देणग्यांतून ‘फिनिक्स’ हा प्रयोग उभा राहिला. सुमारे दोन किलोमीटर लांबीच्या नदीकाठावरून पाच मिनिटे एकसारखे गोळे उडतात आणि सोबत हिराहारा आयाका या गायिकेचे, गुस्ताव होल्स्ट यांच्या गुरू ग्रहावरील रचनेवर बेतलेले गाणे वाजते. एका नजरेत न मावणारा हा प्रयोग छायाचित्रात तर मुळीच मावत नाही. सहलीतील बहुतेक जण मात्र नेमकी हीच पाच मिनिटे भ्रमणध्वनीच्या पडद्यात पाहतात, ही खेदाची गोष्ट आहे.

या स्मरणाला शहराने आपल्या सीमेबाहेरही नेले. पर्ल हार्बरवरील हल्ल्याची योजना करणारे नौसेनापती यामामोतो इसोरोकु हे नागाओकाचेच; त्याच नागाओकाने २०१२ मध्ये होनोलुलुशी भगिनी-शहराचे नाते जोडले आणि १५ ऑगस्ट २०१५ ला, युद्धसमाप्तीला सत्तर वर्षे होत असताना, पर्ल हार्बरच्या पाण्यावर दोन्ही बाजूंच्या मृतांसाठी आपले गोळे उडवले.

नागाओकाच्या नदीकाठी जमलेल्या गर्दीत मार्गदर्शक प्रवाशांना कार्यक्रम संपल्यावरही जागेवर थांबवून ठेवतो, त्यामागे कारण आहे. २१ जुलै २००१ रोजी आकाशी येथे दारूकाम पाहून परतणाऱ्या आणि तिकडे जाणाऱ्या लोकांची एका पादचारी पुलावर कोंडी होऊन ११ जण चिरडले गेले व त्यांत ९ लहान मुले होती. तेव्हापासून जाण्या-येण्याच्या वाटा वेगळ्या ठेवणे आणि लोकांना टप्प्याटप्प्याने सोडणे यांवर मोठा कटाक्ष असतो. नागाओकात थांबण्याचा हा वेळ वायाही जात नाही. शेवटचा गोळा विझल्यावर काठावरचे प्रेक्षक हातातले दिवे हलवून पलीकडच्या कारागिरांचे आभार मानतात आणि अंधारातून कारागीर आपल्या दिव्यांनी उत्तर देतात.

सहलींचा सर्वसाधारण आराखडा मात्र प्रवाशाला २ किंवा ३ तारखेच्या दुपारी आणून मध्यरात्री घेऊन जाणारा असतो. हा आराखडा बदलण्यासारखा आहे. १ ऑगस्टला दुपारी पोहोचावे, २००३ मध्ये उघडलेल्या युद्धहानी संग्रहालयात हल्ल्यात गेलेल्यांची छायाचित्रे पाहावीत, काकी नदीकाठी जावे, रात्री साडेदहापर्यंत जागे राहावे आणि दुसऱ्या दिवशी बैठकीवर बसावे, असा क्रम ठेवणारी सहल एका मुक्कामाने महाग पडेल, पण निवेदकाच्या शब्दांचे भाषांतर करण्याचे मार्गदर्शकाचे निम्मे काम तीत आधीच झालेले असेल. ज्यांना अर्पणाची ही रीत आणखी जवळून पाहायची असेल, त्यांनी ९ आणि १० सप्टेंबरला शेजारच्या काताकाई गावी जावे. तेथे गावकरी आपापल्या घरच्या जन्मासाठी, साठीसाठी किंवा गेलेल्या आईवडिलांसाठी आसाहारा देवळाला गोळे अर्पण करतात, प्रत्येकाचा मजकूर मोठ्याने वाचला जातो आणि १२० सेंटिमीटर व्यासाचा, ४२० किलो वजनाचा चार शाकुंचा गोळाही याच गावात उडतो.