आजारपणाची रजा : हिशेब कसा करावा?

सातारा व सांगली जिल्ह्यांतील आपल्या पुष्कळ घरांत नोकरीला लागलेली ही पहिली किंवा दुसरी पिढी आहे. पगाराचा आकडा प्रत्येकाला तोंडपाठ असतो; परंतु खात्यावर रजा किती शिल्लक आहे, असे विचारले की अनेकजण निरुत्तर होतात. मग आजारपण आले की 'बिनपगारी' हा शेरा मुकाट्याने स्वीकारला जातो. म्हणून हा हिशेब प्रत्येकाने शिकून घ्यावा.

प्रथम शासकीय सेवा पाहू. आपण जिला 'मेडिकल' म्हणतो, ती महाराष्ट्र नागरी सेवा (रजा) नियम, १९८१ मध्ये अर्धवेतनी रजा व परिवर्तित रजा या नावांनी येते. अर्धवेतनी रजा वर्षाला २० दिवस मिळते. १ जानेवारीस १० व १ जुलैस १० अशी ती आगाऊ जमा होते. नेमणुकीच्या सहामाहीत मात्र पूर्ण भरलेल्या प्रत्येक महिन्यास ५/३ दिवस धरतात. आजारी असताना वैद्यकीय प्रमाणपत्र देऊन ही रजा पूर्ण पगारी करून घेता येते. तीच परिवर्तित रजा. मात्र एका दिवसास खात्यातून दोन दिवस वजा होतात.

उदाहरण घेऊ. एक लिपिक १६ मार्च २०२० रोजी साताऱ्यात रुजू झाला. जूनअखेर एप्रिल, मे व जून हे ३ महिने पूर्ण भरले. म्हणजे ५ दिवस. जुलै २०२० चे १०, पुढील तीन वर्षांचे ६० व जानेवारी २०२४ चे १० मिळून ८५ दिवस झाले. फेब्रुवारीत तो विषमज्वराने २० दिवस अंथरुणावर होता. परिवर्तित रजा घेतल्याने पगार पूर्ण मिळाला, ४० दिवस वजा झाले व ४५ उरले.

आता सांगलीच्या पेठेतील दुकानाचा कामगार. महाराष्ट्र दुकाने व आस्थापना अधिनियम, २०१७ मध्ये आजारपणाची वेगळी रजा नाही. जिथे हा कायदा लागू आहे तिथे वर्षाला ८ नैमित्तिक रजा तिमाहीने जमा होतात व वर्षअखेर न वापरल्यास बुडतात. याशिवाय वर्षात २४० दिवस काम भरल्यास दर २० दिवसांमागे १ दिवसाची पगारी रजा मिळते. २८० दिवस भरले तर १४ दिवस. ही रजा ४५ दिवसांपर्यंत साठवता येते.

कारखान्यांतही दर २० दिवसांमागे १ दिवस हाच हिशेब आहे. पूर्वीची २४० दिवसांची अट २१ नोव्हेंबर २०२५ पासून लागू झालेल्या संहितेने १८० वर आणली आहे. ज्यांच्या पगारातून कामगार राज्य विम्याची वर्गणी कापली जाते, त्यांनी सहा महिन्यांच्या वर्गणीकाळात ७८ दिवस भरल्यास आजारपणात वर्षाला ९१ दिवसांपर्यंत वेतनाच्या ७० टक्के लाभ मिळतो.

साताऱ्याच्या शाळेत १९०० साली इंग्रजी शिक्षण सुरू करणारे बाबासाहेब १९४२ ते १९४६ या काळात व्हाइसरॉयच्या कार्यकारी मंडळात मजूरमंत्री होते. त्याच काळात, १९४५ साली, भरपगारी सुट्टी कारखाना कायद्यात आली. रजा ही साहेबाची मेहेरबानी नसून कष्टाने मिळवलेला हक्क आहे. तेव्हा दर जानेवारी व जुलैत रजेचा हिशेब तपासावा. विद्यार्थ्यांनी आज घरी जाऊन आई-वडिलांची शिल्लक रजा मांडून पाहावी.