गिरणी, घड्याळ आणि शाळा

सकाळी सहापासून काम करणारे आठ-दहा वर्षांचे मूल संध्याकाळी सात वाजता वर्गात येऊन बसले, तर ते काय शिकेल? हा प्रश्न दोनशे वर्षांपूर्वी स्कॉटलंडमधील एका सूतगिरणीत खरोखरच उभा राहिला. त्याचे उत्तर कसे सापडले, ते आपण पाहू.

ग्लासगोचा व्यापारी डेव्हिड डेल याने 1786 मध्ये क्लाइड नदीच्या काठी न्यू लॅनार्क येथे गिरण्या उभारल्या. जागा हीच का? कारण जवळच नदीचे धबधबे आहेत. पाणी जितके उंचावरून आणि जितके जास्त पडेल, तितकी पाणचक्कीला मिळणारी शक्ती अधिक. वॅटचे चाक फिरवणारे इंजिन तेव्हा नवीनच होते आणि त्याला कोळसा लागे. धबधब्याला तो लागत नव्हता.

पण धबधबा जिथे असतो तिथे वस्ती असतेच असे नाही. माणसे आणायची कुठून? काही कुटुंबे उत्तरेकडील डोंगराळ भागातून, जमिनीवर पोट भरेनासे झाल्यामुळे आली. शिवाय एडिंबरा आणि ग्लासगो येथील अनाथ, निराधार मुले शेकड्यांनी आणली गेली. आर्कराइटच्या यंत्रामुळे सूत कातण्याचे कसब माणसाच्या बोटांतून यंत्राच्या रुळांमध्ये गेले होते. उरले होते ते तुटलेला धागा जोडण्याचे आणि झाडलोटीचे काम. त्यासाठी लहान बोटे पुरत, आणि मजुरीही कमी पडे.

डेल त्या काळच्या मानाने दयाळू मालक होता. मुलांना पोटभर अन्न, स्वच्छ कपडे आणि शिक्षक त्याने दिले. त्यांचा दिवस मात्र असा होता : सकाळी 6 ते संध्याकाळी 7 गिरणी, त्यात न्याहारीला अर्धा तास व जेवणाला एक तास सुट्टी. म्हणजे प्रत्यक्ष काम साडेअकरा तास. पुढे 7 ते 9 शाळा. झोप, आंघोळ, रात्रीचे जेवण आणि खेळ यांसाठी उरले फक्त नऊ तास!

1800 साली डेलचा जावई रॉबर्ट ओवेन गिरणीचा कारभार पाहू लागला. त्याच्या लक्षात आले, की शिक्षक चांगले असूनही दमलेली मुले शिकत नाहीत. दोष मुलांचा नव्हता, घड्याळाचा होता. त्याने अनाथ मुले आणणे थांबवले, दहा वर्षांखालील मुलांना कामावर घेणे बंद केले आणि पुढे कामाचे तास पावणेअकरावर आणले. 1816 मध्ये त्याने नवी शाळा उघडली. तेथे चालू लागलेल्या बाळांनाही प्रवेश होता. मारणे वर्ज्य होते. चित्रे, नकाशे, आसपासच्या वस्तू, गाणी आणि नाच यांतून शिकवले जाई.

ही निव्वळ दया होती का? नाही. निर्जीव यंत्राची निगा राखल्याने फायदा होतो, मग जिवंत माणसाची का राखू नये, असा ओवेनचा गिरणीमालकांना सवाल होता. गिरणी नफ्यातच चालत राहिली. हेही विसरू नये, की तिथे कातल्या जाणाऱ्या कापसात अटलांटिकपलीकडच्या गुलामांनी पिकवलेला कापूस होता. त्यांच्या मुलांसाठी कोणी शाळा काढली नव्हती.

इतर मालकांनी ओवेनचे अनुकरण आपणहून केले नाही. 1816 मध्ये त्याने ब्रिटिश संसदेच्या समितीपुढे साक्ष दिली. 1819 च्या कायद्याने कापूसगिरण्यांत नऊ वर्षांखालील मुलांना बंदी झाली, पण तपासणीची धड व्यवस्था नव्हती. पगारी निरीक्षक आले ते 1833 च्या कायद्याने. एका मालकाचा चांगुलपणा एका गावापुरता असतो. तो सर्व मुलांपर्यंत पोचायला कायदा लागतो, आणि कायदा पाळला जातो की नाही हे पाहणारा माणूसही लागतो.

न्यू लॅनार्कच्या गिरण्या 1968 मध्ये बंद पडल्या. 2001 पासून ते गाव जागतिक वारसास्थळ आहे.

वर्गात एक साधा उपक्रम करता येईल. प्रत्येक मुलाने आपल्या 24 तासांचा तक्ता करावा. घरकाम, शेतातले काम, लहान भावंडांना सांभाळणे, सारे काही त्यात लिहावे. शेजारी डेलच्या गिरणीतील मुलाचा तक्ता मांडावा. मागच्या बाकावर डुलक्या घेणाऱ्या मुलाला रागावण्यापूर्वी त्याचा तक्ता आपण एकदा जरूर वाचावा.