गझालींचा विचार दौलताबादेत
लेखमाला : दख्खनचे सूफी वाङ्मय – लेखांक सातवा

मागच्या लेखात आपण इमाम गझाली यांचे चरित्र पाहिले. बगदादच्या निजामिया मदरशातील मानाचे अध्यापनपद त्यांनी १०९५ साली सोडले, दमास्कस आणि जेरुसलेम येथे साधनेत काळ घालवला आणि ‘इह्या उलूमुद्दीन’ हा आपला महाग्रंथ रचला. या ग्रंथाचे चार भाग आहेत आणि प्रत्येक भागात दहा पुस्तके. उपासना, रोजचे व्यवहार, माणसाला बुडवणारे दोष आणि तारणारे गुण असा त्याचा क्रम. ११११ साली इराणातील तूस या जन्मगावी गझालींचे निधन झाले. त्यांची विद्या पुढे कुठे कुठे गेली, याचा एक धागा थेट आपल्या महाराष्ट्रात येतो. आजचा लेख त्या धाग्याचा आहे आणि त्याचे नायक आहेत चौदाव्या शतकातील दौलताबादचे विद्वान ग्रंथकार रुक्नुद्दीन काशानी.

देवळा परिसरातून भावडबारीचा घाट ओलांडून, चांदवड, मनमाड, नांदगाव करत वेरूळला जाणारे पुष्कळ जण आहेत. घृष्णेश्वराचे दर्शन होते, लेणी पाहून होतात, घाट चढून खुलताबादला भद्रा मारुतीलाही लोक जातात. त्याच खुलताबादच्या पठारावर दर्ग्यांच्या आवारात चौदाव्या शतकातील एक अख्खे साहित्यमंडळ विसावले आहे. आपण त्याला कबरींचे गाव म्हणून ओळखतो. ते ग्रंथकारांचेही गाव आहे, हे सांगण्यासाठी हा लेख.

राजधानी आली, पाठोपाठ लेखणी आली

यादवांची देवगिरी १३१८ साली दिल्लीच्या थेट अमलाखाली गेली. १३२७च्या सुमारास मुहम्मद बिन तुघलकाने तिला दौलताबाद नाव देऊन दुसरी राजधानी केली आणि दिल्लीतील सरदार, उलेमा, कारकून व सूफी यांना इकडे हलवले. ही घटना आपण शाळेत एका लहरी सुलतानाचा फसलेला बेत म्हणून शिकतो. त्या स्थलांतराने लोकांचे हाल झाले, हे खरेच. पण त्याच लोंढ्याबरोबर दिल्लीतील चिश्ती या सूफी परंपरेची एक पूर्ण शाखा गोदावरीच्या खोऱ्याजवळ येऊन रुजली. निजामुद्दीन औलिया १३२५ साली दिल्लीत निवर्तले होते. त्यांचे वयोवृद्ध शिष्य बुऱ्हाणुद्दीन गरीब दौलताबादेत आले. निजामुद्दीनांची संभाषणे ‘फवायदुल फुआद’ या ग्रंथात टिपणारे कवी अमीर हसन सिज्झी हेही आले आणि त्यांची कबर खुलताबादला आहे.

काशानी घराणे या वसाहतीतले. घरात लेखनिकाचा, म्हणजे दबीराचा, पेशा. सरकारी फर्माने आणि पत्रे नेमक्या शब्दांत लिहायची, तारखा चोख टाकायच्या, कोणी काय म्हटले ते जसेच्या तसे उतरवायचे, ही त्या पेशाची शिस्त. या घराण्यातील भाऊ बुऱ्हाणुद्दीनांचे शिष्य झाले आणि दरबारात कमावलेली शिस्त त्यांनी खानकाहच्या, म्हणजे सूफी मठाच्या, कामी लावली. गुरूंनी रुक्नुद्दीनांना ‘दबीर-ए-मानवी’, अर्थात अध्यात्माचा लेखनिक, असा किताब दिल्याची नोंद आहे.

तीन भाऊ, तीन ग्रंथ

तिघा भावांनी एकाच गुरूवर तीन वेगळ्या अंगांनी लिहिले. रुक्नुद्दीनांनी ‘नफायसुल अनफास’ रचला. त्यात बैठकांची तारीखवार टिपणे आहेत : आज कोण आले, काय विचारले, गुरूंनी काय उत्तर दिले, कोणती गोष्ट सांगितली. साधारण पाच वर्षांच्या या नोंदी १३३७ साली बुऱ्हाणुद्दीनांच्या निधनापाशी येऊन थांबतात. दुसरे भाऊ हम्माद यांनी ‘अहसनुल अकवाल’ लिहिला. त्यात तारखा बाजूला ठेवून गुरूंची वचने आणि त्यांचे वर्तन विषयवार लावले आहे : गुरूपुढे कसे बसावे, प्रार्थना कशी करावी, पाहुण्याशी कसे वागावे. तिसरे भाऊ मजदुद्दीन यांचा ‘गरायबुल करामात’ चमत्कारांच्या कथा सांगतो. बोलणे, वागणे आणि लोकांच्या श्रद्धेत उमटलेले रूप, असे एका माणसाचे तीन आरसे एकाच घरात तयार झाले.

गुरूची संभाषणे शिष्याने लिहून ठेवण्याच्या या प्रकाराला मलफूजात म्हणतात. मराठी वाचकाला तो परका वाटण्याचे कारण नाही. याच देवगिरीच्या राज्यात, तेराव्या शतकाच्या अखेरीस, म्हाइंभटांनी चक्रधरस्वामींच्या लीळा जमवल्या. स्वामींच्या मागे त्यांनी नागदेवाचार्यांना विचारले, ज्यांनी स्वामींना पाहिले होते त्यांच्याकडे जाऊन आठवणी गोळा केल्या, पाठभेद सांभाळले. ‘लीळाचरित्र’ हा मराठी गद्याचा आद्य ग्रंथ तसा घडला. म्हाइंभट आणि रुक्नुद्दीन यांच्यात अर्धशतकाचे अंतर आहे. एकाची भाषा मराठी, दुसऱ्याची फारसी; पंथ वेगळे, धर्म वेगळा. महानुभावांच्या ग्रंथाचा प्रभाव काशानींवर पडला असे मला म्हणायचे नाही, कारण काशानींपुढे अमीर हसनांचा नमुना होता. पण गुरूचा शब्द आपल्या पदरच्या भरीशिवाय पुढच्या पिढीला द्यायचा, ही जबाबदारी दोघांनीही सारख्याच गांभीर्याने पेलली. दोन्ही ग्रंथ एकाच प्रदेशात जन्मले आणि दोन्ही महाराष्ट्राच्या वाङ्मयेतिहासात शेजारी ठेवून वाचले पाहिजेत.

खानकाहतले जगणे

या टिपणांतून दिसणारे जग साधे आहे. चिश्ती खानकाहत कोणाकडे मागायचे नसे. न मागता जे येईल ते घ्यायचे आणि साठवून न ठेवता वाटून टाकायचे, हा दंडक. सुलतानाकडून जमीनजुमला घेणे त्यांच्या आदर्शात बसत नव्हते. बुऱ्हाणुद्दीन आजन्म अविवाहित राहिले आणि ‘समा’ म्हणजे ईश्वरप्रेमाचे गायन ऐकणे हा त्यांच्या साधनेचा गाभा होता.

दख्खनच्या सूफींबद्दल पुढच्या शतकांत ज्या कथा रचल्या गेल्या, त्यांत लढाया आणि सामूहिक धर्मांतरे भरपूर आहेत. काशानी भावांचे ग्रंथ तर बुऱ्हाणुद्दीनांच्या हयातीतले किंवा लगेच नंतरचे. त्यांचा विषय साधकाचे अंतरंग हा आहे : अहंकार कसा ओळखावा, दुसऱ्याचा दोष कसा झाकावा, दान देताना मन कसे ठेवावे. इतिहासाचा विद्यार्थी म्हणून मला हा फरक फार महत्त्वाचा वाटतो. कोणत्याही संताविषयी मत बनवताना आधी त्याच्या काळातले लेखन वाचावे आणि मग नंतरच्या आख्यायिका, हा नियम खुलताबादलाही लावायला हवा.

विद्वत्ता आणि साधना यांचा जो झगडा आपण गझालींच्या आयुष्यात पाहिला, तो दौलताबादेतही घडला. झैनुद्दीन शिराझी हे नावाजलेले आलिम, म्हणजे धर्मपंडित. मूळचे शिराझचे, दिल्लीमार्गे दौलताबादेत आलेले. समाविषयी आणि सूफींच्या रीतींविषयी त्यांचे आक्षेप होते. पुढे ते बुऱ्हाणुद्दीनांना भेटले, शंका फिटल्या आणि हाच टीकाकार त्यांचा मुख्य उत्तराधिकारी झाला. १३६९ साली त्यांचे निधन झाले. त्यांचीही संभाषणे ‘हिदायतुल कुलूब’ या ग्रंथात शिष्याने टिपली आहेत. १७०७ साली औरंगजेबाला पुरले ते याच झैनुद्दीनांच्या दर्ग्याच्या आवारात.

या परंपरेचा आपल्या भागाशीही संबंध आला. १३७०च्या सुमारास तापीकाठच्या थाळनेरला फारुकी घराण्याचा पाया घालणारे मलिक राजा झैनुद्दीनांचे अनुयायी होते, असे परंपरा सांगते. त्यांचे पुत्र नासिर खान यांनी तापीच्या तीरावर शहर वसवले आणि त्याला बुऱ्हाणुद्दीनांचे नाव दिले. तेच बुऱ्हाणपूर. समोरच्या तीरावरची वस्ती झैनाबाद झाली. खानदेशच्या नकाशावर गुरू आणि शिष्य आजही नदीच्या दोन काठांवर आहेत.

शमायलुल अतकिया

आता रुक्नुद्दीनांच्या मुख्य ग्रंथाकडे येऊ. ‘शमायलुल अतकिया’ हा सूफी साधनेचा फारसी कोशग्रंथ. गुरूंच्या हयातीत त्यांच्या संमतीने त्याचे काम सुरू झाले आणि त्यांच्या निधनानंतर ते पुरे झाले. पश्चात्ताप, संयम, कृतज्ञता, ईश्वरावर भरवसा, प्रेम, गुरू-शिष्य संबंध, साधकाच्या बदलत्या अवस्था अशा विषयांवर पूर्वसूरींनी काय म्हटले आहे ते त्यात प्रकरणवार दिले आहे. रुक्नुद्दीनांची पद्धत अशी : विषय मांडायचा, त्यावर कोणत्या ग्रंथात काय आहे ते ग्रंथाचे नाव घेऊन सांगायचे, मग पुढचे मत, आणि सोबत आपल्या गुरूंचे वचन.

ग्रंथाच्या आरंभी त्यांनी आधारग्रंथांची यादी दिली आहे आणि तिच्यात दोनशेहून अधिक नावे आहेत. गझाली तिच्यात आहेत. अवघ्या तेहेतिसाव्या वर्षी, ११३१ साली, मृत्युदंड झालेले हमदानचे ऐनुल कुझात आहेत. बगदादच्या शिहाबुद्दीन सुहरावर्दींचा ‘अवारिफुल मआरिफ’ आहे. या यादीतून चौदाव्या शतकातील दौलताबादचे ग्रंथालय डोळ्यांपुढे उभे राहते. छापखाना नव्हता, प्रत्येक पोथी हाताने नकललेली, आणि बगदाद, नैशापूर, हमदान, दिल्ली इथली विद्या देवगिरीच्या पायथ्याशी उपलब्ध होती. तिचा वापर करणाऱ्या माणसाने प्रत्येक विचाराचे श्रेय ज्याचे त्याला दिले. आज कोणाचेही वाक्य कोणाच्याही नावावर मोबाइलवर फिरते. अशा वेळी साडेसहाशे वर्षांपूर्वीच्या या ग्रंथकाराचा प्रामाणिकपणा मला आदर्श वाटतो.

रुक्नुद्दीनांच्या लेखनातून जाणवणारी भूमिका गझालींशी जुळते. धर्मशास्त्राचे नियम पाळायचे, पण तिथे थांबायचे नाही. नियमांमागचा हेतू मनात उतरवायचा. ज्ञानाची कसोटी वागण्यात. म्हणूनच त्यांच्या पानांत मोठ्या तत्त्वचर्चेशेजारी ताटावर कसे बसावे आणि दारात आलेल्याला कसे वागवावे, हेही तितक्याच आस्थेने येते.

हा ग्रंथ फारसीपुरता राहिला नाही. सतराव्या शतकात मीरां याकूब यांनी त्याचा दख्खनी गद्यात अनुवाद केला. दख्खनी ही इथल्या बाजारात आणि घरात बोलली जाणारी भाषा, मराठी शब्दांना आपल्यात सहज सामावून घेणारी. अरबीत लिहिणाऱ्या गझालींचा विचार फारसीतून दौलताबादेत आला आणि दख्खनीतून सामान्य माणसाच्या कानी पोचला. मूळ फारसी ग्रंथ १९२८च्या सुमारास हैदराबादेत छापला गेला. अमेरिकी अभ्यासक कार्ल अर्न्स्ट यांनी खुलताबादच्या सूफींवर १९९२ साली इंग्रजीत एक मोठा ग्रंथ प्रसिद्ध केला, तेव्हा काशानी भावांचे लेखन जगातील अभ्यासकांपुढे नीट मांडले गेले.

आपले काम

मराठीत या विषयाची वाट सेतुमाधवराव पगडींनी दाखवली. फारसीवर प्रभुत्व असलेल्या पगडींनी १९५३ साली ‘सूफी संप्रदाय’ हे पुस्तक लिहिले. रा. चिं. ढेरे यांनी मुसलमान मराठी संतकवींचा शोध घेतला. पगडींनी फारसी साधने थेट मुळातून वाचली. आज शिवकाळासाठी आपण फारसी कागद आवर्जून वाचतो. तितकीच ओढ संतवाङ्मयाच्या अभ्यासातही असायला हवी. ‘नफायसुल अनफास’चा सटीप मराठी अनुवाद व्हावा, त्याच्या शेजारी ‘लीळाचरित्र’ ठेवून अभ्यास व्हावा, असे मला मनापासून वाटते. त्यासाठी मराठी आणि फारसी दोन्ही जाणणारे तरुण हवेत. मालेगावसारख्या शहरात, आपल्या इतक्या जवळ, उर्दू उत्तम येणारे हजारो विद्यार्थी आहेत. उर्दूवरून फारसीकडे जाणे त्यांना सोपे आहे आणि मराठी त्यांच्या शाळेत शिकवली जाते. कळवण, सटाणा, देवळा इथल्या महाविद्यालयांतील मराठीच्या प्राध्यापकांनी त्यांच्याशी हातमिळवणी केली, तर हे काम आपल्याच भागात सुरू होऊ शकते.

पुढच्या आठवड्यात आपण फारसी सोडून मराठीत येऊ आणि ‘योगसंग्राम’ रचणाऱ्या श्रीगोंद्याच्या शेख महंमदांची ओळख करून घेऊ. तोवर वाचकांना एक विनंती. कोणाच्या घरी, मशिदीत, मठात किंवा जुन्या वाड्यात फारसी, दख्खनी वा मोडी लिपीतील पोथी असेल, तर ती रद्दीत जाऊ देऊ नका. जाणकाराला दाखवा, तिची नोंद करून घ्या आणि ती जपा.